विचारल्याशिवाय नाही

"माणसाला विचारल्याशिवाय यंत्राने गोळी झाडायची नाही," या एका कलमासाठी वकीलबाई अकरा वर्षं भांडल्या होत्या. आज भरल्या सभागृहात बंदूक बसवलेल्या यंत्राने लाकडी पुतळ्यावर नळी रोखली आणि विचारलं, "परवानगी आहे?"

बाईंनी माइकवर ठणकावलं, "नाही."

नळी मुकाट्याने खाली आली. टाळ्यांचा कडकडाट झाला.

"माझ्या लेकीने बंदुकीला वळण लावलं!" वडील दिसेल त्याला सांगत सुटले. बाईंना आभाळ ठेंगणं झालं.

सभागृह रिकामं झालं. वायरमन यंत्राची वायर गुंडाळून घेऊन गेला. बाई पर्स उचलायला वाकल्या, तोच मागून आवाज आला, "परवानगी आहे?"

नळी दाराकडे वळली होती. दारात वडील कौतुकाने हसत उभे होते.

बाईंनी तोंड उघडण्याआधीच बंद स्पीकरमधून त्यांचाच खणखणीत आवाज आला, "आहे."