घुबडाची साक्ष

"प्रत्येकाला तीन मिनिटं," जनसुनावणीचे अधिकारी निशिदा म्हणाले आणि त्यांनी टेबलावरची घंटी पुढे ओढली. "नदीवरच्या नव्या बंधाऱ्याबद्दल फक्त स्वतःचं म्हणणं मांडा. दुसऱ्याचं नको."

हात्सुए उठली. एक्क्याऐंशी वर्षांची, गावातले मूळनिवासी ऐनू लोक तिला हुची म्हणत, म्हणजे आजी. नातीने लिहून दिलेला भाषणाचा कागद तिने घडी करून बाहीत सारला, डोळे मिटले आणि थेट गायलाच लागली. प्रत्येक ओळ दोनदा. आधी ऐनूत, मग सभागृहाला कळावी म्हणून जपानीत.

"मी उंच फांदीवर बसते. माझी नजर जागी असते, म्हणून गाव निर्धास्त झोपतं..."

मागून कुणीतरी फिसकन हसलं. म्हाताऱ्या शोकिचीने वळून त्याच्याकडे पाहिलं, आपली काठी उचलली आणि जमिनीवर ठेका धरला. चुलीभोवती गाणं ऐकताना त्याचे आजोबा धरायचे तसा.

"सामन मासे इतके दाटीने चढायचे की पाणी दिसायचं नाही. आता पाणी कोमट झालं. त्यात तुमच्या जुन्या बंधाऱ्याची भिंत. मासे तिच्यावर डोकं आपटून मरतात. मी रिकाम्या पंजांनी घरी जाते..."

घंटी वाजली.

"आजीबाई, वेळ संपली."

"तुमची संपली असेल. माझी पिलं अजून उपाशी आहेत."

निशिदांनी पुन्हा घंटी दाबली. तोवर तिसऱ्या रांगेतल्या बाईने बाकावर मूठ आपटायला सुरुवात केली होती. मग तिच्या शेजारणीने. मग अख्ख्या रांगेने. घंटी वाजत होती की नाही, कळेना. निशिदा खाली बसले. हात्सुए वीस मिनिटं गायली आणि गाणं पूर्ण झाल्यावरच थांबली.

नोंदी घेणारी मुलगी गोंधळून उभी राहिली. "माफ करा, साक्षीदाराचं नाव काय लिहू? हे 'मी' म्हणजे कोण?"

"घुबड लिही, बाळ. मासे खाणारं. गाव राखणारा आमचा देव."

मुलीने निशिदांकडे पाहिलं. त्यांनी घंटी बाजूला सारली. तिने लिहिलं.

"आणि... पत्ता?"

"जुना यांनी फांदीसकट करवतीने कापला," हात्सुए निशिदांकडे बोट दाखवून म्हणाली. "नवा सांगणार नाही."