साफ चूक!

"हे तुझंच अक्षर ना?" शाळेच्या ग्रंथपाल बाईंनी कलासमीक्षेचं जाडजूड पुस्तक माझ्यापुढे उघडलं. "पूस सगळं, नाहीतर कार्ड जप्त!"

लेखकाचं म्हणणं होतं, लहान मुलांच्या चित्रांमागे विचार नसतो. शेजारी मी पेन्सिलीने लिहिलं होतं, 'साफ चूक! बाबांची बदली झाली, तेव्हा माझ्या धाकट्या भावाने बिनदाराचं घर काढलं. म्हणाला, आता कुणीच बाहेर जाऊ शकत नाही.'

बाईंनी पुढे केलेला खोडरबर मी परत सरकवला. "सॉरी बाई, पान खराब केलं. पण मुद्दा बरोबर आहे. नाही पुसणार."

बाईंनी पुन्हा वाचलं आणि स्वतःचं पेन पुढे केलं. "मग पेन्सिलीत काय घाबरत लिहितेस? शाईने गिरव. खाली नाव टाक."

टाकलं. नववी ब सकट!