जीपचं पुस्तक

"पुस्तक हरवलं, एवढंच म्हणायचं," भाऊजी म्हणाले. "गाडी हरवली म्हणालात की फाइल दहा टेबलं फिरेल. विचारलं तेवढ्याचं उत्तर द्या, वहिनी. न विचारलेल्याचं नको."

तिने मान हलवली. अकरा महिन्यांपूर्वी नवरा जीप घेऊन बाहेर पडला, तो परतला नव्हता. जीपही सापडली नव्हती. पोलीस ठाण्यातल्या हवालदाराने गेल्या आठवड्यात स्पष्टच सांगितलं होतं: नंबरप्लेट कुणीही बदलतो, जीपच्या सांगाड्यावर कोरलेला नंबर आणून द्या, म्हणजे पुढे शोधता येईल. नाहीतर महिनाअखेरीला फाइल बंद. तो नंबर नोंदणीच्या पुस्तकात होता, आणि पुस्तक जीपमध्ये.

भाऊजी नवऱ्याचे धाकटे भाऊ. वाहन नोंदणी कार्यालयाच्या फाटकापाशी टेबल टाकून ते लोकांचे अर्ज भरून देत. रिकामी चौकट त्यांना बघवत नसे. "याला लग्नाची पत्रिका दिली तरी हा शिक्का कुठे आहे ते शोधतो," असं नवरा म्हणायचा. तेव्हा सगळे हसायचे. भाऊजीसुद्धा.

कारकुनाने जुनं रजिस्टर काढलं आणि पान उलटताना तोंड वाकडं केलं. वाळवीने पानाचा डावा भाग खाऊन टाकला होता.

"शेवटचे तीन आकडे आहेत," तो म्हणाला. "बाकीचे वाळवीला तोंडपाठ असतील."

तिला हसू आलं नाही. "मग दुसरी प्रत मिळणारच नाही?"

"मिळेल की. कागद मात्र सगळे लागतील." त्याने खणातून छापील यादी काढून तिच्यापुढे सरकवली.

तिने 'अर्जासोबत जोडावयाचे' एवढं वाचलं, तोवर भाऊजींनी यादी उचलली. "माझं रोजचंच आहे हे. मी बघतो."

"हे असताना काळजी कसली?" कारकून तिला म्हणाला. "यांच्या हातची फाइल आजवर कधी परत गेलेली नाही."

भाऊजींनी यादीची चार पदरी घडी घालून खिशात ठेवली.

घरी सासूबाई ओट्यावर बसल्या होत्या. संध्याकाळचे साडेसहा झाले की त्या उठून फाटकाची कडी काढत. जीप आत घेताना त्याला खाली उतरावं लागू नये म्हणून. दिवेलागणीनंतर पुन्हा कडी लावत, आवाज न करता. अंगणात जीप उभी राहायची तिथे तेलाचा डाग होता. त्या नेहमी त्याला वळसा घालून जात.

"कागद मिळाला की येईल ना तो?"

"शोधता येईल, आई."

"तेच म्हणते मी."

ती पाणी तपासण्याच्या प्रयोगशाळेत काम करत असे. नमुने फिरवणारं यंत्र सुरू झालं की पहिले काही क्षण जीपसारखा आवाज येई. तिला कारण माहीत होतं: एक पट्टा सैल होता. तरी दर वेळी तिची मान खिडकीकडे वळे. पट्टा बदलून घ्या, असं साहेब दोनदा म्हणाले. तिने बदलला नव्हता.

भाऊजी अधूनमधून येऊन सांगत. प्रतिज्ञापत्र झालं. पुस्तक हरवल्याचा पोलिसांचा दाखला झाला. पत्त्याचा पुरावा झाला. एकदा म्हणाले, "एकच राहिलंय." त्यानंतर तीन दिवस आले नाहीत. चौथ्या दिवशी तीच त्यांच्या घरी गेली. ते तापाने फणफणले होते. पांघरुणातूनच म्हणाले, "फाइल पूर्ण आहे. बरं वाटलं की मी आणतो. तुम्ही नका जाऊ, वहिनी. उगाच तिष्ठत ठेवतील."

महिना संपायला दोन दिवस उरले होते. तिने अर्ध्या दिवसाची रजा टाकली आणि गेली.

तिष्ठावं लागलं नाही. कारकुनाने नवी प्रत आणि नोंदवही पुढे केली. "इथे सही करा."

तिने सही केली आणि प्रत दोन्ही हातांनी उचलली. नवऱ्याचं नाव, जीपचा रंग आणि खाली तो लांबलचक नंबर, एकही आकडा न गळता. तिने तो दोनदा वाचला. आता इथून सरळ पोलीस ठाणं. अकरा महिन्यांत पहिल्यांदाच तिला भूक लागल्यासारखं वाटलं. आज आईंना सांगण्यासारखं काहीतरी होतं.

दारापर्यंत जाऊन ती परत आली. "पान तर वाळवीने खाल्लं होतं. मग हे आकडे कुठून मिळाले?"

"ठशावरून." कारकुनाने फाइल उघडून तिच्याकडे फिरवली. शेवटी एक पातळ कागद टाचलेला होता. त्यावर पेन्सिलीचा काळपट पट्टा, पट्ट्यात पांढरे आकडे. खाली भाऊजींची सही. तारीख सहा दिवसांपूर्वीची.

"हे काय असतं?"

"सांगाड्यावरच्या कोरीव नंबरावर कागद धरायचा आणि वरून पेन्सिल घासायची. नंबर कागदावर उमटतो. शेवटचे तीन आकडे आमच्या पानाशी जुळले, म्हणजे गाडी तीच. हा नसता तर मला गाडी तपासायला माणूस पाठवावा लागला असता." तो कौतुकाने हसला. "पण तुमचे दीर कसले ऐकतात! स्वतः चाकाशी आडवे पडून घेतला म्हणाले."

कारकुनाने फाइल मिटली, टेबलावर पडलेली राखाडी भुकटी रुमालाने पुसली, आणि रुमाल झटकत म्हणाला, "तेवढी गाडी मात्र धुवून घ्या, बाई. आकड्याआकड्यांत गाळ भरलाय."