मरण्यात हातखंडा

पडद्यावर रोमुलो मेला. छातीत गोळी, नजर आभाळाकडे, आणि धाडकन भाताच्या खाचरात. पलंगावरून मृणालिनी काकूंनी टाळ्या वाजवल्या.

"अगदी फर्स्ट क्लास मेलात हो," त्या म्हणाल्या.

रोमुलो ओशाळला. मनिलात त्यानं सिनेमात उमेदीची सगळी वर्षं काढली ती अशीच, हीरोच्या गोळ्या खात. तोंडी एक वाक्य कधी आलं नाही. अमेरिकेत नेपरव्हिलला येऊन आजारी माणसांची सेवा करायला लागल्यावर त्यानं त्या दिवसांबद्दल चकार शब्द काढला नव्हता. मरायला कसली आलीय ॲक्टिंग? पण काकूंच्या मुलानं, निहारनं, इंटरनेटवरून ते जुने सिनेमे हुडकून काढले आणि रोज दुपारचा हा कार्यक्रमच होऊन बसला.

बाहेर बर्फ भुरभुरत होता. काकूंनी सिनेमा थांबवला. डॉक्टर आता फार तर काही आठवडे म्हणत होते.

"जन्मभर ऑपरेशनच्या टेबलावर लोकांना भूल दिली मी," त्या म्हणाल्या. "घाबरू नका म्हणायचे, कारण उठवायला मीच असायचे. आता मला भीती वाटते, रोमुलो. मला कोण उठवणार?"

रोमुलोला खोटा धीर देववेना.

"मला एवढंच ठाऊक आहे, मॅम," तो म्हणाला. "मी चिखलात पडून राहायचो. सगळं शांत शांत व्हायचं, अंग कापसासारखं हलकं. मग लांबून कुणीतरी म्हणायचं, 'कट.' आणि ज्यानं मला मारलं, तोच हात पुढे करून मला उठवायचा."

 काकू खुदकन हसल्या.

"मग माझ्या वेळी तुम्हीच म्हणा. आणि मला रीटेक नको हं."

त्या रात्रीपासून त्यांना गाढ झोप लागायला लागली.

मार्चमधल्या एका दुपारी, छपरावरचा बर्फ वितळून ठिबकत असताना, त्यांचा श्वास थांबला. चेहऱ्यावर भीतीचा मागमूस नव्हता. निहार पायाशी बसून रडत होता. रोमुलो उशाशी वाकला. त्याला खूप वाईट वाटत होतं, आणि छाती धडधडत होती. उभ्या कारकिर्दीत त्याच्या वाट्याला आलेला हा पहिलाच संवाद होता.

"कट," तो हळूच म्हणाला, आणि त्यानं हात पुढे केला.