रडारच्या टेकडीवरची ओटी

“रडारासाठी लष्कराने देवी दरीत लोटली असणार,” मी सुनेला म्हणाले. “रडार केंद्र बंद झाले म्हणून आता आपल्याला टेकडीवर सोडत आहेत. स्वतःच पाहीन.”

वाघजाईच्या पहिल्या ओटीचा मान आमच्या घराण्याचा. लष्कराने टेकडी घेतली आणि तो खंडित झाला.

गंजलेल्या रडारामागे देऊळ शाबूत होते. मी आधी देवीची नथ तपासली. होती. मग अंगावरचे जाडेभरडे हिरवे कापड पाहून कडाडले, “हे काय नेसवलेत?”

“वर्दीचं कापड, आईसाहेब,” कुलूप उघडणारा हवालदार म्हणाला. “दर नवरात्रात नवं. ओटी मात्र आम्ही भरली नाही. तो मान तुमच्या घराण्याचा, असं पहिल्या तुकडीपासून प्रत्येक तुकडी पुढच्या तुकडीला सांगत आलीय.”

सून ते कापड उतरवायला पुढे झाली.

“हात लावू नकोस,” मी म्हणाले आणि रेशमी खण त्यावरच ठेवून ओटी भरली.