कपाटाच्या दारावरचे चौकोन

पाच तारीख. हप्ता कापला गेल्याचा मेसेज सकाळीच येऊन पडला होता, तरी कुंकवाची डबी अजून बंदच.

एरवी असं होत नसे. लालबागच्या या घराचं कर्ज मंजूर झालं तेव्हा रघुवीरची मुलगी ओवी दहा वर्षांची होती. तिने मोठ्या कागदावर दोनशे चाळीस चौकोन आखले, ओळीत बारा, अशा वीस ओळी, आणि तो कागद कपाटाच्या दाराला आतून चिकटवला. हप्ता गेला की एका चौकोनात कुंकवाचं बोट टेकवायचं. आज चौथ्या ओळीतला शेवटचा चौकोन भरायचा होता. विसावी ओळ संपेल तेव्हा रघुवीर साठीला टेकणार, नोकरी संपणार आणि घर मोकळं होणार, असं सगळं अगदी चोख जमवलेलं.

आणि आता हा गडी बँकेचा कागद हातात धरून पंख्याखाली उभा होता. टॅक्ससाठी व्याजाचा दाखला हवा म्हणून काल दादरच्या शाखेतून आणलेला. खाली बारीक अक्षरांत छापलं होतं, शिल्लक हप्ते दोनशे त्र्याऐंशी.

"दोनशे चाळीसमधून अठ्ठेचाळीस गेले की किती राहतात गं?" त्याने बायकोला तिसऱ्यांदा विचारलं.

"एकशे ब्याण्णव," मीनाक्षीनेही तिसऱ्यांदा सांगितलं. "अरे, छापताना चुकलं असेल. फोन लाव ना त्यांना."

वरळीच्या एका कंपनीत बिलं तपासण्यात या माणसाची वीस वर्षं गेलेली. दुसऱ्याच्या बिलातला आठ रुपयांचा घोळ तो चहा पिता पिता पकडायचा. पण चार वर्षं इमानेइतबारे पैसे भरल्यावर हप्ते कमी व्हायचे सोडून वाढतात कसे, हे काही केल्या त्याच्या डोक्यात शिरेना.

बँकेतल्या मधुराने फोन उचलला. रघुवीरने तो स्पीकरवर टाकला.

"चूक नाहीये सर," ती म्हणाली. "मध्ये तुमचं व्याज सात टक्क्यांवरून नवावर गेलं होतं ना? तेव्हा हप्ता वाढवायचा की तोच ठेवायचा, असं विचारणारा फॉर्म आला होता. तुम्ही तोच ठेवा म्हणून टिक केलंय. मग मुदत वाढते."

"वाढते म्हणजे दोन-चार महिने वाढते ना?"

"नाही सर. हप्त्यातून आधी व्याज कापून घेतात आणि उरेल ते मुद्दलात जातं. तुमच्या एकतीस हजारांतले दोन-अडीच हजारच उरत होते."

"थांबा, थांबा. मी आजवर पंधरा लाखांच्या आसपास भरलेत."

"हो सर. त्यातले दोन लाखांच्या थोडे वर मुद्दलात गेलेत."

रघुवीरने मीनाक्षीकडे पाहिलं. तिने काही सांगावं, निदान हसावं तरी, असं त्याला फार वाटलं. तिला मात्र आठवत होती ती आम्रखंडाची संध्याकाळ. फॉर्म भरून आला आणि स्वारी खुशीत. व्याज सगळ्यांचं वाढलं, पण आपला हप्ता रुपयानेही हलला नाही, असं छाती फुगवून सांगत त्याने शेजारच्या बाबुरावांना आम्रखंड खाऊ घातलं होतं. टिक कुठे करायची, हे तसाच फॉर्म आलेल्या त्यांच्या मुलाला, धनेशलाही समजावून दिलं होतं. बिचाऱ्याने तिथेच केली.

"सर, आहात ना? पुढच्या महिन्यापासून हप्ता पाच हजारांनी वाढवलात, तर कर्ज पुन्हा तुमच्या साठीत संपेल. करू का?"

पाच हजार म्हणजे ओवीच्या क्लासची महिन्याची फी. दोघांच्याही मनात एकाच वेळी तेच आलं, आणि ओवी समोरच बसली होती.

"सांगतो तुम्हाला," रघुवीर म्हणाला आणि त्याने फोन ठेवला. कागद उलटा करून मागे काही लिहिलंय का, तेही पाहिलं. मागे काहीच नव्हतं.

ओवी उठली. तिने प्रोजेक्टचा उरलेला कार्डशीट, पट्टी आणि पेन्सिल आणली आणि फरशीवर बसून आखायला लागली. तिला कोणीच थांबवलं नाही. मीनाक्षी कुंकवाची डबी घेऊन आली. रघुवीरने चौथ्या ओळीतल्या शेवटच्या चौकोनात बोट टेकवलं खरं, पण हे भरलं म्हणायचं की काय म्हणायचं, ते त्याला कळेना. बोट तो बराच वेळ बनियनला पुसत राहिला.

"आठ ओळी वाढल्या," ओवी म्हणाली. नवा कागद तिने जुन्याच्या खाली धरून पाहिला. चौकोन उतरत उतरत पार फरशीपर्यंत पोचले होते. "बाबा, शेवटचा अगदी खाली आलाय. तेव्हा तू सदुसष्टचा असशील. वाकता येईल ना तुला?"

रघुवीरने कपाटाला एक हात लावला आणि तो वाकून बघू लागला.