हडळीचा मुलगा

पडद्यावर हडळ जिना उतरू लागली, तसे आजोबा खुर्चीत पुढे सरकले. नव्वदीला टेकलेला माणूस भुताच्या सिनेमाला इतका खुलतो, हे कुणाला सांगून पटलं नसतं. पण समोरच्या संगणकाशी बसलेल्या संकलक मुलीला कारण ठाऊक होतं. तोंडाला पांढरा रंग फासलेली, केस मोकळे सोडलेली ती हडळ म्हणजे त्यांची आई. सिनेमा पुरा झाला आणि महिन्याभरात ती गेली. तेव्हा हे जेमतेम वर्षाचे. घरात तिचा एक फोटो नाही. होता तो हा मुका सिनेमा, पत्र्याच्या डब्यात जपलेला.

त्यातून पाच मिनिटांची नवी फिल्म करायचं मुलीनं मनावर घेतलं होतं. आजोबांनी डबा दिला तो एकाच अटीवर: आईला हात लावायचा नाही. मुलीनं अट पाळली. संगीत नवं घातलं, ओरखडे पुसले, हडळ होती तशी ठेवली.

लहानपणी थिएटरात ती दिसली की सगळे किंचाळायचे, आणि हे एकटे पडद्याकडे धावत सुटायचे, असं आजोबा सांगत होते. सांगताना त्यांना हसू आवरत नव्हतं.

मुलगी मात्र शेवटाची वाट बघत होती. रिळाच्या टोकाला तिला घबाडच सापडलं होतं. दिग्दर्शकानं थांबा म्हटलं असणार, पण कॅमेऱ्याचं हँडल फिरवणाऱ्याचा हात आणखी दहा सेकंद फिरतच राहिला होता. असे तुकडे एरवी कापून फेकतात. आजोबांना न सांगता तिनं तो शेवटी जोडला होता.

हडळ थांबली. तिनं पाठ ताठ केली, बाहीनं तोंडावरचा रंग पुसला, कॅमेऱ्याशेजारी कुणाकडे तरी बघून खळखळून हसली आणि वाकून दोन्ही हात पुढे केले. ते कुणासाठी, हे मुलीला कुणी सांगायला नको होतं. तिनं चित्र तिथंच थांबवलं.

"ही कोण?" आजोबांनी विचारलं.

"आजोबा, तुमची आई. तुम्हाला घ्यायला वाकलीय."

"नाही गं." त्यांचा आवाज कापत होता. "आईला मी ओळखत नाही का? ही बाई कोण, आणि मला का बोलावतेय?"

पडद्यावरची बाई हात पसरून तशीच हसत होती, आणि आजोबा खुर्ची मागे मागे सरकवत होते.